बरण्या

परळला, शरीररचना विभागाच्या तिसऱ्या मजल्यावर
मी बरण्या पुसते. सव्वीस वर्षं.
मुशी, बेडूक, घोरपड, कबुतर, शेळी, माकड,
आणि खिडकीजवळ, ऊन लागू नये म्हणून
मांजरपाटाच्या पडद्याआड, माणूस.

मुशीचा मेंदू करंगळीएवढा.
शेळीचा, भेंडीबाजारात तव्यावर मिळतो तेवढाच.
माणसाचा दीड किलोला थोडा कमी,
आणि सुरकुत्या अशा,
की मोठी नोट चुरगळून लहान खिशात कोंबलीय.

काम मला मार्टिन डिमेलोंनी शिकवलं. गोराईचे.
बरणी उचलताना आधी "सॉरी हां" म्हणायचे,
मग झाकण.
त्यांचं म्हणणं, मेंदू म्हणजे पागडीची चाळ.
तळमजल्यावर भूक नि भीती, कोट्यवधी वर्षांचे भाडेकरू.
वर मजले चढले, लिफ्ट आली, दारावर पाटी आली,
खालच्यांनी जागा सोडली नाही.
नळ कधी उघडायचा ते अजून तेच ठरवतात.

मला पटलं होतं.
जिन्यात पडलेला पाण्याचा पाइप बघून
मी दोन पायऱ्या मागे उडाले होते,
आणि "साप" हा शब्द
मागाहून आला होता, धापा टाकत.

कोतवाल मॅडमनी मात्र एकदा
दोन बरण्या टेबलावर शेजारी शेजारी ठेवल्या.
"मजले-बिजले नाहीत, कुंदा.
मुशीकडेही याच खोल्या आहेत, बघ.
भिंती सरकल्या. एक खोली फुगत गेली,
बाकीच्यांनी आपापलं सामान बदललं.
भीतीसुद्धा जुनी तशीच राहिली नाही. ती शिकली."
डिमेलो काही बोलले नाहीत.
चहात पाव बुडवत राहिले.

रिटायर होऊन चार वर्षांनी ते बदलले.
आधी शेजाऱ्याच्या ताटातला बोंबील उचलला.
मग चर्चमध्ये, प्रवचन चालू असताना, मोठ्यानं हसले.
मग शिव्या, जन्मात कधी न दिलेल्या,
अगदी पाठ असल्यासारख्या.
फिलोमिना म्हणाली, हा माझा माणूस नाही गं.
स्कॅनमध्ये कपाळामागची जागा
सुकल्या अक्रोडासारखी आत ओढलेली.

मग ते "सॉरी हां" राहायचं कुठे?
तिथेच, त्या एवढ्याशा जागेत?
एका रविवारी मुलावर उगारलेला माझा हात
अर्ध्यात थांबला होता.
तो कोणी थांबवला, मी, की त्या जागेनं,
आणि आता हे विचारतेय ती कोण?
मॅडमना विचारलं.
"परीक्षेत येत नाही हे," म्हणाल्या,
आणि कितीतरी वेळ चष्मा पुसत बसल्या.

देहदानाचा फॉर्म डिमेलोंनी नोकरीत असतानाच भरला होता.
जानेवारीत ते आले, मागच्या गेटनं.
नियमानं नाव नसतं, नुसता नंबर.
मार्चमध्ये ट्रे माझ्याकडे आला
तेव्हा ओळखण्यासारखं काही नव्हतंच,
राखाडी, गार, कुणाचाही असता,
फक्त पुढचा भाग बसलेला.

बरणी धुतली. द्रव भरला.
डोळ्यांतून पाणी येत होतं. फॉर्मॅलिननं येतं.
पहिल्या वर्षाची मुलं दारात उभी होती,
त्यांच्याही येत होतं.

झाकण लावण्याआधी मी "सॉरी हां" म्हणाले.
ठरवलं नव्हतं. तोंडातून गेलं.
मग पडदा ओढला.
ऊन मुशीपर्यंत सरकलं होतं,
आणि मला कडकडून भूक लागली होती.